डॉलरचा व्यापार सुरू करायचाय? आधी या प्रश्नाचं उत्तर द्या

लखनौच्या गोमतीनगरमधून एका ताईंचं पत्र आलं आहे. मुलगा तेवीस वर्षांचा, बी.कॉम. झालेला, नोकरीच्या शोधात. गेले दोन महिने तो मोबाइलवर फॉरेक्स ट्रेडिंगचे व्हिडिओ बघतोय. शिकवणीचे साठवलेले पंचवीस हजार त्याच्याकडे आहेत आणि एका अॅपवर 'फक्त १०० डॉलरपासून सुरुवात' असं लिहिलेलं त्याने आईला दाखवलं. त्यातले नऊ हजार तर त्याने भरलेही. ताई विचारतात, 'हे शेअर बाजारासारखंच असतं का? त्याला अडवू, की नीट शिकून कर म्हणू? आणि करायचंच असेल तर सुरुवात कशी करायची?'

प्रश्न एकट्या ताईंचा नाही. हजरतगंजात असो की सांगलीत, हातात स्मार्टफोन असलेल्या जवळजवळ प्रत्येक घरात ही जाहिरात पोहोचली आहे. त्यामुळे या वेळचा सगळा लेख याच विषयावर.

आधी दोन ओळींत, हा बाजार आहे काय. एका देशाचं चलन देऊन दुसऱ्याचं घ्यायचं, आणि भाव बदलला की फरक खिशात टाकायचा किंवा खिशातून द्यायचा. चलनं नेहमी जोडीने चालतात: डॉलर-रुपया, युरो-डॉलर, पाउंड-रुपया. जगातला हा सर्वांत मोठा बाजार. बँकांची बँक म्हणवल्या जाणाऱ्या बीआयएस संस्थेने एप्रिल २०२५ मध्ये मोजणी केली तेव्हा दिवसाची उलाढाल ९.६ ट्रिलियन डॉलर निघाली. जाहिरातवाले हा आकडा फार आवडीने सांगतात. 'एवढ्या समुद्रातून तुम्हाला एक तांब्या नाही मिळणार?' असा त्यांचा सूर असतो. पण या समुद्रात पोहणारे मुख्यतः बँका, मोठ्या कंपन्या आणि मोठे फंड असतात. त्यांना डॉलरची गरज धंद्यापायी असते. तुमच्या मुलाला ती आहे का? सगळा लेख या एका प्रश्नाभोवती फिरणार आहे, म्हणून तो लक्षात ठेवा.

दार उघडलं, आणि अर्धं बंद झालं

आपल्याकडे सामान्य माणसाला चलनाचा सौदा करायची सोय फार जुनी नाही. २९ ऑगस्ट २००८ रोजी नॅशनल स्टॉक एक्सचेंजवर डॉलर-रुपयाचे फ्युचर्स सुरू झाले. डॉलर तेव्हा ४४ रुपयांच्या आसपास होता. २०१० मध्ये युरो, पाउंड आणि येन आले, त्याच वर्षी डॉलरचे ऑप्शन्सही. एक लॉट म्हणजे हजार डॉलर. सौदा रुपयांतच मिटतो, प्रत्यक्ष डॉलर हातात येत नाहीत. डॉलर एक रुपयाने हलला की एका लॉटमागे हजार रुपये आले किंवा गेले. हिशेब इतका सरळ, आणि मार्जिन म्हणून भरावी लागणारी रक्कम सौद्याच्या मानाने लहान, त्यामुळे अनेक किरकोळ ट्रेडर इकडे वळले. धंदा नाही, परदेशी कुणी नाही, नुसता भावाचा अंदाज बांधायचा. बरीच वर्षं ते चाललं.

मग ५ जानेवारी २०२४ रोजी रिझर्व्ह बँकेने एक परिपत्रक काढलं. ते एप्रिलपासून लागू होणार होतं, नंतर ३ मे २०२४ ही तारीख ठरली. त्यातली मुख्य गोष्ट अशी: एक्सचेंजवर रुपयाचा समावेश असलेला चलनसौदा करायचा तर तुमच्यापाशी खरंखुरं परकीय चलनाचं देणं किंवा येणं असलं पाहिजे, आणि तेही आधीच ठरलेलं. दहा कोटी डॉलरच्या मर्यादेपर्यंत कागद आधी दाखवावे लागत नाहीत, पण विचारणा झाली तर दाखवता आले पाहिजेत. रिझर्व्ह बँकेचं म्हणणं होतं की नियम मुळात हाच होता, आम्ही फक्त आठवण करून दिली. बाजाराने मात्र तसं घेतलं नाही. ब्रोकरांनी ग्राहकांना निरोप धाडले की एक तर तुमचं देणं-येणं असल्याचं लिहून द्या, नाहीतर सौदे मिटवा. एक्सचेंजवरची उलाढाल धाडकन खाली आली.

म्हणजे 'मला काही देणं-घेणं नाही, फक्त डॉलर वर जाईल की खाली यावर थोडे पैसे लावायचेत' असं म्हणणाऱ्या माणसासाठी आज भारतात सरळ, कायदेशीर वाट जवळजवळ उरलेली नाही. यूट्यूबवरचा 'फॉरेक्स ट्रेडिंग कसं सुरू करावं' हा व्हिडिओ तुम्हाला हे सांगणार नाही, कारण हे सांगितलं तर व्हिडिओ तिथेच संपतो.

मग ती अॅप्स कोणती?

ती बहुतेक परदेशात नोंदवलेली असतात आणि भारतातल्या रहिवाशाला चलनसौदे द्यायची परवानगी त्यांच्याकडे नसते. फेमा म्हणजे परकीय चलन व्यवस्थापन कायदा १९९९ सालचा. त्याप्रमाणे आपल्याला परकीय चलनाचा व्यवहार अधिकृत व्यक्ती-संस्थांशीच आणि परवानगी असलेल्या कारणांसाठीच करता येतो. ऑनलाइन करायचा तर रिझर्व्ह बँकेने मान्य केलेल्या प्लॅटफॉर्मवर किंवा मान्यताप्राप्त शेअर बाजारांवर. वर्षाला अडीच लाख डॉलरपर्यंत बाहेर पाठवायची जी सवलत आहे, तीतूनही परदेशी एक्सचेंजला मार्जिनचे पैसे पाठवता येत नाहीत. नियम मोडला तर गुंतलेल्या रकमेच्या तिप्पट दंड होऊ शकतो, आणि हा दंड अॅपवाल्याला नाही, पैसे भरणाऱ्याला. फसलो आपण आणि गुन्हेगारही आपणच, हे ऐकून पुष्कळांचा विश्वास बसत नाही.

रिझर्व्ह बँकेने ७ सप्टेंबर २०२२ रोजी अशा ३४ नावांची इशारा यादी जाहीर केली. नंतर ती वाढत गेली. यादी बँकेच्या संकेतस्थळावर आहे, घरात कुणाच्या फोनवर असं अॅप असेल तर आजच नाव शोधा. मात्र एक ध्यानात घ्या: यादीत नाव नाही म्हणजे अॅप चांगलं, असं नव्हे. ते रिझर्व्ह बँकेनेच तिथे स्पष्ट लिहिलं आहे.

या यादीत ऑक्टाएफएक्स हे नाव होतं. ते आयपीएलच्या दिल्ली संघाबरोबरही झळकलं होतं, त्यामुळे कित्येकांना वाटलं की एवढ्या मोठ्या ठिकाणी जाहिरात आहे म्हणजे खरंच असणार. पुण्याच्या शिवाजीनगर पोलीस ठाण्यातल्या एका गुन्ह्यावरून ईडीने तपास सुरू केला. ईडीचा आरोप असा की या मंचाने भारतातल्या गुंतवणूकदारांकडून नऊ महिन्यांत ८०० कोटींहून जास्त नफा कमावला आणि भरणा नाममात्र संस्थांच्या खात्यांवर वळवला. न्यायालयात काय ठरायचं ते ठरेल. तुम्ही बघायची खूण मात्र साधी आहे. पैसे भरताना यूपीआयवर नाव कुणाचं येतं? ट्रेडिंग कंपनीऐवजी एखाद्या कापड दुकानाचं, अनोळखी माणसाचं किंवा दर वेळी वेगळंच नाव येत असेल, तर तिथेच थांबा.

आता लिव्हरेजचा हिशेब करू, कारण तरुण मुलं भुलतात ती इथे. लिव्हरेज म्हणजे आपले थोडे आणि उसने पुष्कळ. अॅप म्हणतं, 'एकास पाचशे'. तुम्ही १०० डॉलर, म्हणजे समजा नऊ हजार रुपये भरले, तर ५०,००० डॉलरचा सौदा हातात आला. युरो १.१००० डॉलरवर असताना घेतला आणि तो १.०९७८ वर आला. नुसता ०.२ टक्के उतरला. पन्नास हजारांचे ०.२ टक्के म्हणजे १०० डॉलर. तुमचे सगळे पैसे संपले. युरो-डॉलरने दिवसात अर्धा टक्का हलणं ही अगदी रोजची गोष्ट आहे. म्हणजे तुमचा अंदाज संध्याकाळी बरोबर ठरेलही, पण दुपारी चहाच्या वेळी खातं रिकामं झालेलं असेल. युरोपातल्या नियामकाने म्हणूनच २०१८ मध्ये किरकोळ ग्राहकांसाठी मुख्य चलनजोड्यांवर एकास तीसची मर्यादा घातली. त्या वेळच्या त्यांच्या पाहणीत अशा सौद्यांची ७४ ते ८९ टक्के किरकोळ खाती तोट्यात दिसली होती. आपल्या सेबीने २०२४ मध्ये शेअर्सच्या फ्युचर्स-ऑप्शन्सचा अभ्यास केला. तो चलनाचा नव्हता, पण माणसं त्याच जातीची. तीन वर्षांत ९३ टक्के वैयक्तिक ट्रेडर तोट्यात.

शिवाय अशा अॅपवर पुष्कळदा तुमच्यासमोर खरा बाजार नसतोच. सौद्याच्या पलीकडे तेच अॅप उभं असतं. तुमचा तोटा हा त्यांचा नफा. भाव दाखवणारे तेच, सौदा मिटवणारेही तेच!

ताई, तुमच्या मुलाने भरलेल्या नऊ हजारांबद्दल. आधी अॅपचा तपशील, पैसे भरल्याच्या नोंदी आणि गप्पांचे स्क्रीनशॉट काढून ठेवायला सांगा. मग पूर्ण रक्कम परत मागून बघायला सांगा. 'काढण्यासाठी आधी २० टक्के कर भरा' किंवा 'खातं खुलं करायला फी' असं काही मागितलं तर एक पैसाही आणखी भरू नका. कर असा कुणी अॅपवर गोळा करत नाही. पैसे अडकले तर लगेच १९३० या सायबर हेल्पलाइनला फोन करा. तक्रार जितकी लवकर, तितकी रक्कम वाटेत गोठवली जायची शक्यता जास्त. रिझर्व्ह बँकेच्या सचेत पोर्टलवरही तक्रार नोंदवता येते. आणि 'तुझं बँक खातं वापरायला दे, कमिशन देतो' असं त्या ग्रुपवरून कुणी म्हटलं, तर मुलाला साफ नाही म्हणायला शिकवा. दुसऱ्यांचे लुबाडलेले पैसे त्या खात्यातून गेले की पोलिसांचा पहिला फोन खातेदारालाच येतो. त्याला रागावू नका मात्र. रागावलं की पुढचं पाऊल मुलं लपून टाकतात.

ज्यांना खरंच डॉलर लागतो

आता दुसरी बाजू, आणि मला विचाराल तर हीच जास्त कामाची. घरात परदेशी शिकणारं मूल असेल, तर तुम्ही न ठरवताही चलनबाजारात आहात. २०१३ आठवा. मेच्या सुरुवातीला डॉलर ५४ रुपयांच्या आसपास होता, २८ ऑगस्टला ६८ च्या वर गेला. ज्याला सप्टेंबरात १२,००० डॉलर फी भरायची होती, त्याचा खर्च चार महिन्यांत दीड लाखाहून जास्त वाढला. त्याने काही सट्टा खेळला नव्हता, फक्त थांबला होता.

अशा आईबापांसाठी फ्युचर्स आहेत. समजा तीन महिन्यांनी १२,००० डॉलर भरायचेत आणि फ्युचर्सचा भाव ९० आहे. तीन महिन्यांनंतरचा भाव आजच्या रोख भावापेक्षा सहसा थोडा चढा असतो, व्याजदरांतल्या फरकामुळे. त्याला घाबरू नका. तुम्ही १२ लॉट घेतले. डॉलर ९३ झाला तर फी ३६,००० रुपयांनी महागली, पण फ्युचर्समध्ये ३६,००० मिळाले. डॉलर ८८ झाला तर फ्युचर्समध्ये २४,००० गेले आणि फी तेवढीच स्वस्त झाली. दोन्हीकडे तुमचा खर्च ९० च्या आसपासच राहिला. यात कमाई नाही, आणि असायलाही नको.

अडचण आहे ती रोजच्या हिशेबाची. नफा-तोटा रोजच्या रोज खात्यात मांडला जातो. डॉलर एका दिवसात ५० पैसे उतरला तर बारा लॉटमागे सहा हजार रुपये तुमच्या खात्यातून जातात, आणि ते रोख असावे लागतात. मार्जिनचे तीसेक हजार भरले आणि बाकी पैसे मुदत ठेवीत अडकवले, असं केलं तर मधेच सौदा तोडावा लागतो आणि सगळी आखणी मोडते. उलाढाल आटल्याने लांबच्या महिन्यांच्या सौद्यांना समोरचा गिऱ्हाईकही पटकन मिळत नाही. खातं उघडायचं तर सेबीकडे नोंदलेल्या ब्रोकरकडेच. त्याचा नोंदणी क्रमांक 'आयएनझेड'ने सुरू होतो, तो सेबीच्या संकेतस्थळावर ताडून पाहा. पॅन, केवायसी, उत्पन्नाचा पुरावा लागतो. विद्यापीठाचं फी मागणारं पत्र जपून ठेवा, तोच तुमचा कागद. होणारा नफा-तोटा आयकरात व्यवसायाचं उत्पन्न म्हणून धरला जातो, तेव्हा विवरणपत्र भरणाऱ्याशी आधी बोला.

खरं सांगू? बारा-पंधरा हजार डॉलरसाठी बहुतेक घरांना फ्युचर्सपेक्षा बँकेशी घासाघीस केलेली जास्त फळते. आपण अमिनाबादेत चिकनच्या कुर्त्यावर पन्नास रुपये कमी करायला अर्धा तास उभे राहतो, आणि बँकेने छापलेल्या दराने दहा लाखांचे डॉलर एक शब्द न बोलता घेतो. त्या दरात आणि बँका आपसात ज्या भावाने डॉलर घेतात त्यात रुपयाचा जरी फरक असला, तरी १२,००० डॉलरवर बारा हजार रुपये होतात. क्लिअरिंग कॉर्पोरेशनने ऑगस्ट २०१९ मध्ये एफएक्स-रिटेल नावाचा प्लॅटफॉर्म सुरू केला, तो याचसाठी. व्यक्ती आणि लहान व्यापाऱ्यांना चालू बाजारभाव तिथे समोर दिसतो आणि बँक आपलं मार्कअप आधीच सांगते. नोंदणी तुमच्या बँकेमार्फत होते. शाखेतल्या बाईंना हे माहीत नसेल तर चिडू नका, परकीय चलन विभागाचा नंबर मागा. आणि बँकेत नुसतं 'एफएक्स-रिटेलवर आज भाव काय आहे?' असं विचारलं, तरी दर थोडा सैल होण्याची शक्यता असते.

लखनौच्या चौकात चिकनकारीचा माल बाहेर पाठवणाऱ्या लहान व्यापाऱ्याचं उलटं असतं. माल आज गेला, डॉलर तीन महिन्यांनी येणार. त्याला डॉलर पडण्याची भीती. तो फ्युचर्स विकू शकतो, किंवा बँकेकडे फॉरवर्ड करून भाव बांधून घेऊ शकतो. लहान निर्यातदाराला मी बँकच सुचवेन, कारण तिथे रक्कम आणि तारीख त्याच्या बिलाप्रमाणे ठरते, हजाराच्या लॉटप्रमाणे आणि महिनाअखेरीप्रमाणे नाही. फक्त गिऱ्हाइकाने माल परत पाठवला तर फॉरवर्ड रद्द करायला पैसे पडतात, ते आधी विचारून घ्यावं.

आणि ज्याला शिकायचंच आहे, त्याला

मुलाची ओढ खोटी नाही. बी.कॉम. झालेल्याला चलनबाजार समजणं ही नोकरीच्या बाजारात कामाची गोष्ट आहे. सेबीने स्थापलेली एनआयएसएम ही संस्था, आपल्याच रायगड जिल्ह्यात पाताळगंगेला तिचं आवार आहे, ती 'करन्सी डेरिव्हेटिव्हज'ची परीक्षा घेते. ब्रोकरकडे चलनविभागात काम करायचं तर हे प्रमाणपत्र लागतं, आणि अभ्यासाचं पुस्तक त्या महागड्या 'सिग्नल'वाल्या कोर्सांपेक्षा कितीतरी नेटकं आहे. त्याच्याकडे उरलेल्या सोळा हजारांतला थोडा भाग परीक्षेला गेला तर वाईट नाही.

सोबत एक दोनशे पानी वही. रोज दुपारी दीडच्या सुमारास डॉलरचा संदर्भदर जाहीर होतो, तो लिहायचा. शेजारी त्या दिवशीचा कच्च्या तेलाचा भाव आणि दर हलण्याचं बातम्यांत दिलेलं कारण: अमेरिकेचे व्याजदर, परदेशी गुंतवणूकदारांची विक्री, रिझर्व्ह बँकेने विकलेले डॉलर. रिझर्व्ह बँकेच्या पतधोरणाचे दिवस लाल शाईने. आणि रोज रात्री उद्याचा अंदाज, एकाच शब्दात: वर की खाली. डिसेंबर २०२५ मध्ये डॉलरने पहिल्यांदा ९० ओलांडले तेव्हाचे दोन-तीन आठवडे जुन्या बातम्या काढून असेच भरून बघायला सांगा, हात बसेल. तीन महिन्यांनी किती अंदाज बरोबर आले ते त्यालाच मोजू द्या. साठ अंदाजांत तीस-बत्तीस बरोबर आले, तर नाणं उडवूनही साधारण तेवढेच आले असते, हे त्याला वहीतच दिसेल.